बॅटलटेकला ऑनलाइन भिडू मिळत नाही? या क्रमाने तपासा

बॅटलटेक या टेबलावरच्या लढाईच्या खेळाचं खोकं घेतलं, नियम दोनदा वाचले, मेक (माणूस आत बसून चालवतो ते प्रचंड लढाऊ यंत्रमानव) रंगवून झाले, पण समोर बसायला कोणी नाही. दर महिन्या-दोन महिन्यांनी कोणीतरी ही तक्रार घेऊन माझ्याकडे येतं, आणि निदानही स्वतःच करून येतं: "आपल्याकडे हा खेळ कोणी खेळतच नाही." गावापुरतं ते बहुधा खरं असतं. ऑनलाइन मात्र नाही. माझा स्वतःचा गट तीनदा बसला आणि तीनदा पुन्हा उभा केला. दुसऱ्यांचे किती उभे केले ते मोजलेलं नाही. त्यात माणसंच नाहीत असं एकदाही निघालं नाही. हाक भलत्याच ठिकाणी मारलेली असते, घड्याळ चुकलेलं असतं, नाहीतर राउटर आडवा आलेला असतो.

खालच्या तपासण्या सोप्या आणि फुकट गोष्टींपासून सुरू होतात. वरून खाली याच क्रमाने जा. मधल्या पायऱ्या गाळून थेट राउटरच्या सेटिंग्जमध्ये हात घालू नका. मी घातला होता. अख्खा शनिवार गेला आणि खोट शेवटी वेळेच्या हिशोबात सापडली.

लक्षणं

यातलं तुमचं कोणतं ते आधी बघा.

- हजारो सभासद असलेल्या डिस्कॉर्ड सर्व्हरवर (गप्पांच्या ॲपवरच्या गटात) विचारलं, दोन-तीन अंगठे आले, डाव काही ठरला नाही. (तपासणी १, २, ३)
- लोक भरपूर बोलतात, पण फक्त रंगकामाच्या फोटोंवर आणि खेळाच्या कथेतल्या एकतिसाव्या शतकातल्या राजघराण्यांवर. (१)
- डाव ठरला, तुम्ही वेळेवर बसलात, समोरचा आला नाही. आणि तो म्हणतो की तुम्हीच आला नाहीत. (४)
- डाव सुरू झाला, तीन तासांनी अर्धवट सुटला. "पुढच्या रविवारी संपवू." तो रविवार आलाच नाही. (५)
- दोघंही हजर, पण जोडणी होत नाही. नुसतं चक्र फिरतं आणि वेळ संपल्याचा निरोप येतो. (६)
- तीन-चार महिने छान चाललं, मग एकेक जण गळाला. (४, ७)

१. त्या जागेत जीव आहे का?

पाच मिनिटं, खर्च शून्य. सभासदांचा आकडा बघू नका, त्याला काही अर्थ नाही. डाव ठरवण्यासाठी जो वेगळा विभाग असतो तो उघडा आणि मागचे पंधरा दिवस चाळा. दोनच गोष्टी शोधायच्या: कोणी तारीख-वेळ पक्की केली का, आणि दुसऱ्या दिवशी निकाल लिहिला का. "कालच्या डावात तिसऱ्याच फेरीत माझ्या मेकचं डोकं उडालं" असा एखादा रडका निरोप दिसला की समजा, इथे खेळ चालतो. पंधरवड्यात असे दोन निरोप पुरेत. फोटो, वाद आणि विनोद यात धरायचे नाहीत.

हे का बघायचं? कारण हा खेळ जुना आहे. १९८४ साली शिकागोच्या फासा कंपनीने तो 'बॅटलड्रॉइड्स' नावाने काढला. 'ड्रॉइड' या शब्दावर लुकासफिल्मने हक्क सांगितल्यामुळे पुढच्याच वर्षी त्याचं नाव बॅटलटेक झालं. २००१ मध्ये फासाने गाशा गुंडाळला, खेळ एकातून दुसऱ्या हातात गेला आणि २००७ पासून तो कॅटलिस्ट गेम लॅब्जकडे आहे. दर वेळी हात बदलले तसे लोक नव्या जागी गेले आणि जुन्या जागा तशाच राहिल्या. शोध घेतला की त्याच आधी वर येतात, कारण त्यांच्याकडे बोट दाखवणारे दुवे वीस-वीस वर्षं साचलेले आहेत. वाडा मोठा, दारावरची पाटी शाबूत, आत कोणी राहत नाही.

माझा स्वतःचा क्रम सांगतो. आधी मेगामेकचा डिस्कॉर्ड, मग रेडिटवरचा बॅटलटेक विभाग, मग प्रकाशकाचा अधिकृत मंच. मेगामेक म्हणजे काय ते सहाव्या तपासणीत येतं. पण तो पहिला का, ते इथेच सांगतो: तिथे येणाऱ्या माणसाने खेळ संगणकावर आधीच चढवलेला असतो. तो खेळायलाच आलेला असतो.

२. नाव बरोबर घेताय का?

ही चूक हसण्यासारखी वाटते, पण मी ती निदान सहा जणांची पकडली आहे. 'बॅटलटेक' शोधलं की २०१८ चा त्याच नावाचा संगणकावरचा खेळ समोर येतो. मेकवॉरियर नावाचे खेळ तर १९८९ पासून निघतायत. या सगळ्यांचे लोक वेगळे, गप्पा वेगळ्या. ठाण्याचा एक कॉलेजातला मुलगा आठ महिने संगणकी खेळाच्या सर्व्हरवर भिडू मागत होता. तिथले लोक बिचारे त्याला विचारायचे, कोणता मोड (खेळात बदल करणारी जोड) टाकलायस? त्याला वाटायचं, आपल्यालाच काही कळत नाही.

शोधताना 'टेबलटॉप', 'क्लासिक', 'टोटल वॉरफेअर', 'अल्फा स्ट्राइक' किंवा 'मेगामेक' यांपैकी एक शब्द जोडा. क्लासिक आणि अल्फा स्ट्राइक हे एकाच विश्वातले दोन निराळे खेळ आहेत हेही ध्यानात ठेवा. क्लासिक षटकोनी घरांच्या नकाशावर चालतो आणि त्यात प्रत्येक मेकचं चिलखत ठिपक्या-ठिपक्याने खोडावं लागतं. अल्फा स्ट्राइकमध्ये एका मेकचं सगळं एका कार्डावर मावतं. एकाच्या खोलीत दुसऱ्याचा भिडू मागितला तर कोणी हाकलत नाही, पण उत्तरही कोणी देत नाही.

३. निरोप पुन्हा लिहा

सगळ्यात जास्त बिघाड इथेच निघतात आणि दुरुस्तीला दहा मिनिटं लागतात. बहुतेकांचा निरोप असा असतो:

"नमस्कार, मी नवीन आहे, भारतातून. कोणी माझ्याशी खेळेल का?"

यात वाईट काही नाही. पण वाचणारा ऑफिसातून फोनवर वाचतोय. याला हो म्हणायचं तर त्याला उलटे सात प्रश्न विचारावे लागतात: कोणते नियम, कोणता काळ, किती मेक, कशावर, कधी, किती वेळ, तुला येतं किती? तो अंगठा देतो आणि पुढे सरकतो. आता हा निरोप बघा. मी हाच, थोडा इकडेतिकडे करून, कितीतरी जणांना लिहून दिला आहे (टाकायचा अर्थात इंग्रजीत):

"क्लासिक, ३०२५ चा काळ, फक्त मूळ नियम. मेगामेकवर. दोन विरुद्ध दोन, २,४०० बीव्ही, सगळे वैमानिक ४/५. येत्या रविवारी यूटीसी १०:००. अडीच तास किंवा दहा फेऱ्या, जे आधी होईल ते. माझ्याकडे ग्रिफिन जीआरएफ-१एन आणि वुल्व्हरिन डब्ल्यूव्हीआर-६आर. तुम्हाला वेगळं काही नको असेल तर थंडरबोल्ट टीडीआर-५एस आणि शॅडो हॉक एसएचडी-२एच घ्या. सर्व्हर तुम्ही चालवा, माझ्याकडे पोर्ट उघडत नाही. हा माझा चौथा डाव."

४/५ म्हणजे वैमानिकाची नेमबाजी ४ आणि मेक चालवण्याचं कसब ५; आकडा जितका कमी तितका वैमानिक चांगला. यूटीसी ही जगाची प्रमाणवेळ, ती चौथ्या तपासणीत येते; सर्व्हर आणि पोर्ट सहाव्या. बीव्ही म्हणजे बॅटल व्हॅल्यू, त्या मेकची लढाईतली किंमत. ग्रिफिनची १,२७२ आणि वुल्व्हरिनची १,१०१, मिळून २,३७३. थंडरबोल्टची १,३३५ आणि शॅडो हॉकची १,०६४, मिळून २,३९९. फरक फक्त २६ चा, म्हणजे डाव बरोबरीचा. हे आकडे मास्टर युनिट लिस्ट या संकेतस्थळावर फुकट मिळतात. कोणत्या काळात कोणाकडे कोणता मेक होता तेही तिथेच कळतं. समोरच्याचे मेकसुद्धा आपणच सुचवायचे, ही यातली युक्ती आहे. त्याला फक्त "चालेल" एवढंच लिहायचं उरतं.

शेवटचं वाक्य गाळू नका. नवखेपणा लपवणारे बरेच भेटतात. पण या खेळातल्या जुन्या माणसांना शिकवायची भारी हौस असते. "चौथा डाव" म्हटलं की कोणीतरी पन्नाशीचा गृहस्थ आपणहून पुढे येतो, आणि मग त्याला थांबवणं अवघड होतं.

आणखी एक. हाच निरोप सगळ्यांसाठी टाकण्याआधी, पहिल्या तपासणीत ज्याने निकाल लिहिलेला दिसला त्याला त्याच्या निरोपाखाली उत्तर म्हणून द्या. जो मागच्या आठवड्यात खेळला तो पुढच्या आठवड्यातही खेळणार.

एवढ्या तीन तपासण्यांत निम्म्याहून अधिक जणांचं काम होतं. तुमचं झालं असेल तर इथेच थांबा आणि डाव लावा.

४. घड्याळ

नाशिकचा एक मित्र अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावरच्या तिघांशी खेळायचा. त्यांची शनिवार रात्रीची ९ ची वेळ म्हणजे याच्याकडे रविवारी पहाटे साडेसहा. बायको-मुलं उठायच्या आत डाव संपायचा, सगळे खूश. नोव्हेंबरातल्या दुसऱ्या रविवारी हा साडेसहाला चहाचा कप घेऊन बसला. कोणी नाही. सात वाजले, दुसरा कप झाला. सव्वासातला त्याने एक तिखट निरोप लिहिला, लॅपटॉप मिटला आणि दूध आणायला गेला. साडेसातला तिघंही आले, तो निरोप वाचला आणि ओशाळून निघून गेले. गट तिथेच मोडला. पुढे दोन महिन्यांनी त्याने मला सहज सांगितलं तेव्हा कारण कळलं. अमेरिकेत नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी घड्याळ एक तास मागे घेतात. आपल्याकडे ही भानगडच नाही, त्यामुळे आपल्या डोक्यात येत नाही.

म्हणून वेळ नेहमी यूटीसीत बोला. आपली वेळ त्याच्या साडेपाच तास पुढे. डिस्कॉर्डवर निरोपात टाइमस्टॅम्प टाकता येतो, तो प्रत्येकाला ज्याच्या-त्याच्या घड्याळाप्रमाणे दिसतो. ती सवय लावून घ्या. अमेरिकेत बदल मार्चच्या दुसऱ्या आणि नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी होतो, युरोपात मार्चच्या आणि ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी. ऑस्ट्रेलियात सिडनी-मेलबर्नकडे उलटं: ऑक्टोबरात पुढे, एप्रिलमध्ये मागे. म्हणजे मार्च-एप्रिल आणि ऑक्टोबर-नोव्हेंबर हे गट मोडायचे महिने. त्या दिवसांत डावाच्या आदल्या दिवशी एक आठवण टाका.

दुसरा भाग सोयीच्या वेळेचा. सगळे अमेरिकेकडेच बघतात, कारण तिथे खेळाडू जास्त. पण पहाटे उठणं चार आठवडे जमतं, पाचव्या आठवड्याला अंगावर येतं. मला रविवारी दुपारचे साडेतीन सोयीचे पडले. तेव्हा जर्मनीत हिवाळ्यात सकाळचे ११ आणि उन्हाळ्यात दुपारचे १२ वाजलेले असतात, सिडनीत रात्रीचे ८ किंवा ९. जर्मनीत हा खेळ फार वर्षांपासून रुजलेला आहे. फासा बंद झाल्यावर काही काळ तो चालवणारी फॅनप्रो मूळची जर्मनच. आणि दुबई-मस्कतला आपले मराठी लोक कमी नाहीत. ते आपल्यापेक्षा फक्त दीड तास मागे, आणि त्यांचं घड्याळही वर्षभर हलत नाही.

५. डाव हलका करा

डाव ठरतात पण संपत नाहीत, असं असेल तर इथे थांबून नीट बघा. चार विरुद्ध चारचा क्लासिक डाव नवख्यांना टेबलावर एका बैठकीत पुरा होत नाही. का, ते एका गोळीवरून कळेल. माझी नेमबाजी ४. मी चाललो म्हणून १. समोरचा पाच घरं हलला म्हणून २. मध्ये विरळ झाडी आहे, तिचा १. पल्ला मध्यम, त्याचे २. बेरीज १०. दोन फाशांवर १० किंवा वर पडायची शक्यता ३६ पैकी ६. म्हणजे सहा वेळा फासे टाकायचे आणि पाच वेळा काही घडणार नाही. लागलीच तर कुठे लागली त्यासाठी पुन्हा फासे, मग चिलखत खोडा, मग उष्णता मोजा. एकट्या थंडरबोल्टवर लहानमोठी आठ शस्त्रं आहेत. मेक आठ. नियमांप्रमाणे एक फेरी म्हणजे दहा सेकंद. दहा फेऱ्यांची, म्हणजे शंभर सेकंदांची लढाई आणि आपला अख्खा रविवार.

उपाय स्वस्त आहेत. दोन विरुद्ध दोन खेळा. ३०२५ च्या काळातच राहा; क्लॅनची (कथेत पुढे येणाऱ्या योद्धा-टोळ्यांची) हत्यारं आली की नियमांचं पान उलटत बसावं लागतं. झाडी कमी असलेला नकाशा घ्या. दोन्हीकडचे वैमानिक ४/५ ऐवजी ३/४ करून बघा, गोळ्या जास्त लागतात आणि डाव लवकर मिटतो. लुळापांगळा झालेला मेक माघार घेतो, हा नियम चालू ठेवा, नाहीतर शेवटचा एक तास एक पाय गेलेल्या मेकच्या मागे फिरण्यात जातो. आणि फेऱ्यांची मर्यादा आधीच बोलून ठेवा. मर्यादा असली की अर्धवट असं काही उरतच नाही. त्या घडीला ज्याची स्थिती बरी तो जिंकला.

एवढं करूनही जड वाटत असेल तर अल्फा स्ट्राइक खेळा. काही जुन्या लोकांना तो खेळ पातळ वाटतो. मलाही थोडा वाटतो. पण संपलेला पातळ डाव अर्धवट दाट डावापेक्षा बरा. माणूस परत येतो.

जाता जाता: भिडू मिळावेत म्हणून आणखी मेक मागवू नका. परदेशातून आलेलं पार्सल, त्याचं भाडं, त्यावरचं शुल्क, सगळं जाऊन हाती काय येतं, तर आणखी चार मेक, ज्यांच्यासमोर कोणी नाही. मेकचं तोंड कुठे आहे ते दाखवता आलं म्हणजे झालं. मी पहिलं वर्षभर बाटलीच्या बुचावर बाण काढून खेळलो.

६. जोडणी

आता जरा चिकट भाग. मेगामेक हा बॅटलटेकचे नियम जसेच्या तसे चालवणारा, फुकट आणि मुक्त स्रोत असलेला कार्यक्रम आहे. फासे, उष्णता, चिलखत सगळं तोच बघतो. मेक विकत घ्यायची गरज नाही. आतमध्ये 'प्रिन्सेस' नावाचा यांत्रिक भिडूही आहे. कोणाला बोलावण्याआधी तिच्याशी दोन डाव खेळून घ्या, म्हणजे बटणं शोधण्यात दुसऱ्याचा वेळ जाणार नाही.

जोडणी होत नसेल तर क्रमाने बघा.

आधी आवृत्ती. दोघांचीही अगदी एकच हवी, शेवटच्या आकड्यापर्यंत. तिथे माइलस्टोन (पक्की) आणि डेव्हलपमेंट (अजून चाचणीतली) असे दोन प्रकार असतात. ठरवून माइलस्टोन घ्या. मेगामेक जावावर चालतो, आणि अलीकडच्या आवृत्त्यांना जावा १७ किंवा पुढचं लागतं. जुनं जावा असेल तर कार्यक्रम उघडतच नाही, किंवा क्षणभर चमकून बंद होतो. याला पैसे लागत नाहीत, म्हणून हे आधी.

मग फायरवॉल. पहिल्यांदा सर्व्हर चालू केला की विंडोज विचारतं, जावाला परवानगी द्यायची का? निम्मे लोक घाईत 'कॅन्सल' दाबतात आणि मग तो प्रश्न पुन्हा दिसत नाही. फायरवॉलच्या यादीत जाऊन जावाला परवानगी द्या. अख्खी फायरवॉल बंद करू नका. "तेवढ्यापुरती" बंद केलेली फायरवॉल मी लोकांच्या संगणकावर सहा-सहा महिने बंद पडलेली पाहिली आहे.

मग सगळ्यात सोपा इलाज: सर्व्हर समोरच्याला चालवायला सांगा. पोर्ट, म्हणजे बाहेरून येणाऱ्या जोडणीचं दार, उघडायची गरज फक्त यजमानाला असते. पाहुणा म्हणून जोडायला कुठल्याही घरगुती जोडणीवर अडचण येत नाही. मी वरच्या निरोपात ते वाक्य उगाच घातलेलं नाही.

दोघांनाही सर्व्हर चालवता येत नसेल, समजा दोघेही भारतात आहेत, तर राउटर. मेगामेकचा ठरलेला पोर्ट २३४६. राउटरमध्ये तो तुमच्या संगणकाकडे वळवता येतो. पण थांबा, आधी एक गोष्ट ताडून बघा, नाहीतर माझ्यासारखा शनिवार जाईल. राउटरच्या स्थितीच्या पानावर 'वॅन' या नावाखाली जो आयपी (इंटरनेटवरचा पत्ता) दिसतो तो कागदावर लिहा. मग ब्राउझरमध्ये 'माझा आयपी काय' असं शोधा आणि येणारा आकडा शेजारी लिहा. दोन्ही एकच असतील तर पोर्ट वळवून काम होईल. वेगळे असतील, विशेषतः राउटरवरचा आकडा १००.६४ ते १००.१२७ च्या दरम्यान सुरू होत असेल, तर तुम्ही सीजीनॅटच्या मागे आहात. म्हणजे कंपनीने एकाच बाहेरच्या पत्त्यावर अनेक घरं बसवली आहेत. चाळीला एकच पोस्टाची पेटी आणि पाकिटावर खोली क्रमांक नाही, तसं. बाहेरून येणारं पत्र तुमच्या राउटरपर्यंत पोचतच नाही, मग राउटरमध्ये काहीही लिहा. मोबाइलचा हॉटस्पॉटही बहुतेक वेळा याच प्रकारात मोडतो.

यावर दोन वाटा. टेलस्केल किंवा झिरोटियर यांपैकी एक कार्यक्रम दोन्हीकडे टाकला की दोन संगणक एकाच घरात असल्यासारखे एकमेकांना दिसतात. आपल्या कामापुरतं ते फुकट आहे. पण त्याचा अर्थ समोरच्याचा संगणक तुमच्या घरात आला. चार-पाच डाव खेळून ओळख झालेल्या माणसाबरोबरच वापरा, आणि डाव संपला की बंद करा. दुसरी वाट म्हणजे इंटरनेट कंपनीकडून स्थिर आयपी घेणं. त्याचे वेगळे पैसे पडतात, आणि महिन्यातून दोन डावांसाठी ते द्यावेत असं मला वाटत नाही.

जोडणी झाली की दर दोन फेऱ्यांनी डाव सेव्ह करायला यजमानाला सांगा. पावसाळ्यात तर दर फेरीला.

मेगामेकचं रूप आवडत नसेल तर टेबलटॉप सिम्युलेटर या संगणकावरच्या आभासी टेबलावर किंवा खऱ्या टेबलावर फोन टांगूनही खेळता येतं. टांगलेल्या फोनचा अनुभव एका वाक्यात: पंख्याच्या वाऱ्याने फोन हलतो आणि दोन तासांनी समोरच्याचं डोकं दुखतं.

७. स्वतःचा कट्टा

हे शेवटी, कारण यात पैसे कमी पण माणूस जास्त खर्च होतो. वरचं सगळं करूनही महिन्यात दोन डाव होत नसतील तरच याकडे वळा.

नवा सर्व्हर काढून वीस विभाग बनवू नका. तो पुन्हा रिकामा वाडाच होतो. आधी एक पक्का भिडू आणि एक पक्का वार, एवढंच. दुसरा-चौथा रविवार, साडेतीन, कोणी नाही आलं तर आपण प्रिन्सेसशी खेळायचं, पण जागा उघडी ठेवायची. माझा दुसरा गट असाच सुरू झाला: सलग तीन रविवार मी एकटा. चौथ्याला मेलबर्नचा एक जण नुसता बघायला आला. तो अजून आहे.

गट बसतात त्याचं कारण मी तिन्ही वेळा एकच पाहिलं. नकाशा निवडणं, आठवण देणं, सर्व्हर चालवणं, निकाल लिहिणं, सगळं एकच माणूस करतो. त्याच्या घरी लग्नकार्य निघालं की गट संपला. पाचव्या-सहाव्या डावापासून यजमानपण फिरतं ठेवा. आणि निकाल लिहा, हरलात तरी. त्यावरूनच पुढचा नवखा ओळखतो की इथे खेळ चालतो.

कुठे थांबायचं

सीजीनॅट आहे हे कळलं, किंवा पोर्ट बरोबर वळवूनही एका संध्याकाळीत काम झालं नाही, तर राउटर सोडा आणि इंटरनेट कंपनीच्या माणसाला बोलवा. राउटर कंपनीचा असेल तर त्याचं फर्मवेअर बदलणं, कारखान्यातल्या स्थितीला परत नेणं हे स्वतः करू नका. कंपनीची जोडणीची माहिती पुसली गेली की घरातल्या सगळ्यांचं नेट बंद, आणि त्या दिवशी नेमकी कोणाची तरी ऑनलाइन परीक्षा असते.

जुने मेक विकणारे या गटांतून भेटतात आणि बहुतेक सज्जन असतात. पण आगाऊ पैसे देऊन समोरचा गायब झाला तर गटात भांडत बसू नका. लगेच बँकेला कळवा आणि १९३० या सायबर गुन्ह्यांच्या मदत क्रमांकावर फोन करा. पहिल्या काही तासांत कळवलं तर पैसे अडवता येण्याची शक्यता जास्त असते. डाव लावून देतो म्हणून कोणी दूरून तुमच्या संगणकाचा ताबा मागितला तर तो देऊ नका. मेगामेकला त्याची गरज नाही.

खेळणारा मुलगा किंवा मुलगी अठराच्या आतली असेल तर पहिले काही डाव घरातल्या मोठ्यांनी शेजारी बसून बघावेत, आणि आवाजाच्या खोलीऐवजी लेखी निरोपांवर खेळावं. कोणी एकट्याला बाजूला बोलावून फोटो किंवा पत्ता विचारू लागलं तर निरोप पुसू नका, स्क्रीनशॉट ठेवा आणि cybercrime.gov.in वर तक्रार करा किंवा जवळचं पोलीस ठाणं गाठा.

आणि सातही तपासण्या झाल्या, सहा आठवडे उलटले आणि एकही डाव झाला नाही, तर तुमचा निरोप जसाच्या तसा, तारीख-वेळेसकट, मला पाठवा. बहुतेक वेळा चूक त्यातच दिसते. परवाच्या एकाने यूटीसी लिहून आकडा आपल्या घड्याळाचा टाकला होता.